'अन्वी' : नव्याने घडलेल्या नावाचा अर्थ आणि त्याची ओढ

मृद्गंधा
माझ्या भावाच्या मुलीचे बारसे पुढच्या आठवड्यात आहे आणि भाऊ-वहिनीने 'अन्वी' हे नाव निश्चित केले आहे. बाळाच्या कानात नाव सांगण्याचा मान आपल्याकडे आत्याचा असतो. तो मान मला मोलाचा वाटतो, त्यामुळे मी जे नाव तिच्या कानात सांगणार आहे ते कोठून आले आणि त्यात नेमके काय आहे, हे मला नीट समजून घ्यायचे आहे.

नावांच्या याद्या पाहिल्या तर त्यांत एकवाक्यता नाही. एका यादीत 'देवीचे एक नाव' एवढेच दिलेले असते, तर दुसरीत 'जिचे अनुसरण करावे अशी' असा अर्थ दिसतो. कोणती देवी, कोणत्या स्तोत्रात, कोणत्या पुराणात, याचा मात्र कोठेही पत्ता नाही. ललितासहस्रनामात 'अनघा' आहे, 'अनुत्तमा' आहे, 'अन्नदा' आहे, 'अन्वी' नाही. माझी धारणा अशी आहे की हे नाव आपल्या पिढीने घडवलेले आहे आणि त्यात कमीपणा काहीच नाही. कमीपणा वाटून आपण त्याला एखाद्या देवीचा खोटा आधार देतो, हे मात्र मला पटत नाही. मुलगी मोठी होऊन विचारील, तेव्हा तिला खरे उत्तर मिळाले पाहिजे. व्याकरणाच्या आणि उच्चाराच्या अंगाने कोणी प्रकाश टाकू शकेल का? आणि हे नाव सध्या एवढ्या घरांना का आवडते आहे, यावरही आपली मते वाचायला आवडतील.

कोशवाचक
ताई, प्रश्न चांगला विचारलात, म्हणून थोडे विस्ताराने लिहितो.

संस्कृतात ऱ्हस्व उकारान्त गुणवाचक शब्दांचे स्त्रीलिंगी रूप विकल्पाने ईकारान्त होते. पाणिनीचे सूत्र आहे 'वोतो गुणवचनात्' (४.१.४४). त्यामुळे पटु-पट्वी, मृदु-मृद्वी, लघु-लघ्वी, गुरु-गुर्वी, साधु-साध्वी आणि तनु-तन्वी अशा जोड्या तयार होतात. कालिदासाने मेघदूतात यक्षपत्नीचे वर्णन सुरू करताना पहिलाच शब्द 'तन्वी' योजला आहे आणि मराठी घरांत तन्वी हे नाव गेली तीन-चार दशके सर्रास आढळते. 'अन्वी' कानाला परके वाटत नाही याचे पहिले कारण माझ्या मते हेच आहे. साचा ओळखीचा आहे आणि त्यातून आलेला शब्द नवा आहे.

आता या साच्यात मूळ शब्द कोणता बसवायचा, हा खरा प्रश्न आहे. 'अनु' बसवला तर अडचण येते, कारण 'अनु' हा उपसर्ग आहे, तो गुणवाचक शब्द नाही. ययाति आणि शर्मिष्ठा यांच्या एका पुत्राचे नाव अनु होते हे खरे, पण त्याच्या वंशजांना 'आनव' म्हणतात, त्यातून 'अन्वी' निघत नाही. 'अणु' बसवला तर मात्र रूप निर्दोष होते. अणु म्हणजे सूक्ष्म, त्याचे स्त्रीलिंग 'अण्वी', आणि हा शब्द थेट ऋग्वेदात आहे. पहिल्या मंडलाच्या तिसऱ्या सूक्तातील चौथ्या ऋचेत इंद्राला बोलावताना 'अण्वीभिस्तना पूतासः' असे शब्द येतात. तेथे 'अण्वी' म्हणजे सोम शुद्ध करणारी नाजूक बोटे. निघंटूतही, म्हणजे वैदिक शब्दांच्या प्राचीन कोशातही, बोटांच्या नावांमध्ये हा शब्द दिलेला आहे.

तेव्हा 'ण' असता तर मी आपल्याला सुमारे तीन हजार वर्षांपूर्वीचा दाखला देऊन मोकळा झालो असतो. 'न' आहे, म्हणून तसे करणे प्रामाणिकपणाचे होणार नाही.

'न' असलेल्या नावाचे जवळचे नातलग म्हणजे अन्वय, अन्वित, अन्विता आणि अन्वीक्षा. पहिले तिन्ही शब्द 'अनु' आणि 'जाणे' या अर्थाचा 'इ' धातू यांच्या संयोगाने झालेले आहेत. 'अन्वित' म्हणजे जोडलेला, युक्त. शाळेत संस्कृत श्लोकाचा अन्वय लावताना आपण शब्द त्यांच्या नात्यांप्रमाणे एकमेकांशेजारी आणून बसवतो, तोच हा अन्वय. 'अन्वीक्षा' मात्र 'ईक्ष्' म्हणजे पाहणे या धातूपासून आहे. कौटिल्याने अर्थशास्त्राच्या आरंभी चार विद्या सांगितल्या आहेत, आन्वीक्षिकी, त्रयी, वार्ता आणि दण्डनीति, आणि त्यांतील आन्वीक्षिकीला म्हणजे तर्काने तपासून पाहण्याच्या विद्येला त्याने सर्व विद्यांचा दीप म्हटले आहे. 'अन्वी' हे 'अन्विता'चे लाडके, संक्षिप्त रूप आहे असे मानले तर व्याकरणाला फार त्रास होत नाही आणि 'सर्वांशी जोडलेली' असा अर्थ सरळ सांगता येतो. मी आपल्या जागी असतो तर हाच अर्थ सांगितला असता आणि सोबत हेही सांगितले असते की तो आम्ही निवडलेला अर्थ आहे.

सदाशिवराव
मला नवी नावे घडवण्याचा हा उत्साह पटत नाही, आणि तसे स्पष्ट लिहितो, राग नसावा. नाव ही आयुष्यभराची ओळख असते. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात स्त्रियांच्या नावाविषयी सांगितलेले आहे : ते उच्चारायला सोपे, कठोर नसलेले, स्पष्ट अर्थाचे, मनोहर, मंगल, शेवटी दीर्घ स्वर असलेले आणि आशीर्वाद व्यक्त करणारे असावे. यातील 'विस्पष्टार्थम्' हा शब्द मला फार महत्त्वाचा वाटतो. ज्या नावाचा अर्थ सांगण्यासाठी कोश, सूत्रे आणि तर्क एवढे सगळे गोळा करावे लागतात, ते स्पष्ट अर्थाचे कसे म्हणावे? आमच्या आजीचे नाव भागीरथी, आईचे सुमन, पत्नीचे अंजली. यांपैकी एकाही नावाचा अर्थ कोणाला विचारावा लागला नाही.

कोशवाचक
सदाशिवराव, राग मुळीच नाही. आपण दिलेला श्लोक या चर्चेत यायलाच हवा होता. पण त्याच कसोटीवर 'अन्वी' तपासून पाहा. उच्चार सोपा आहे, वर्ण कठोर नाहीत, शेवटचा स्वर दीर्घ आहे. सातांपैकी बहुतेक अपेक्षा ते पूर्ण करते, उणे पडते ते अर्थाच्या स्पष्टतेत.

शिवाय जुने नियम आपल्या समाजाने निवडूनच पाळले आहेत. मनुस्मृतीच्याच तिसऱ्या अध्यायात नक्षत्र, वृक्ष आणि नदी यांचे नाव असलेली वधू टाळावी असे म्हटले आहे. महाराष्ट्राने हे कधीही मनावर घेतले नाही. रोहिणी, रेवती, तुळसी, गोदावरी, कृष्णा, यमुना, आणि आपल्या आजीचे भागीरथी हे नावसुद्धा त्याच निषेधात येते. पारस्कर गृह्यसूत्र हा घरगुती संस्कारांचा प्राचीन ग्रंथ मुलीच्या नावात अक्षरे विषम असावीत आणि शेवटी 'आ' असावा असे सांगते. त्या हिशोबाने सीता आणि राधा या नावांत अक्षरे सम आहेत, तर पार्वतीच्या शेवटी 'आ' नाही. परंपरेने नियम लिहून ठेवले आणि लोकांनी आपल्या कानाला व मनाला पटेल ते केले, हीसुद्धा परंपराच आहे.

कृष्णाकाठ
अर्थाच्या स्पष्टतेविषयी मला थोडे वेगळे म्हणायचे आहे. मी सातारा जिल्ह्यातील आहे. आमच्या भागात एक नाव होते ज्याचा अर्थ कोणालाही विचारावा लागत नसे. ते नाव म्हणजे 'नकुसा', नको असलेली. मुलाची वाट पाहणाऱ्या घरात पाठोपाठ मुली झाल्या की त्यांतील एकीला हे नाव मिळत असे, आणि ते शाळेच्या हजेरीपटावर, शिधापत्रिकेवर आणि पुढे लग्नाच्या पत्रिकेवरही तसेच राही. ऑक्टोबर २०११ मध्ये साताऱ्यात जिल्हा प्रशासनाच्या पुढाकाराने समारंभ झाला आणि २८५ मुलींना नवी नावे मिळाली. अनेकींनी आपले नाव स्वतः निवडले. कोणी ऐश्वर्या झाली, कोणी वैशाली.

त्या मुलींनी नावे निवडताना व्युत्पत्ती पाहिली नसेल. त्यांना असे नाव हवे होते की जे हाक मारताना कोणी त्यांच्या जन्माबद्दलची नाराजी पुन्हा उच्चारणार नाही. 'धोंडी' आणि 'दगडी' हीसुद्धा स्पष्ट अर्थाची नावे होती. मूल जगावे म्हणून दृष्ट लागू नये या भीतीने ती ठेवली जात, त्यामागची माया मी नाकारत नाही. पण आज आई-वडील आठवडे-आठवडे बसून, अक्षरे जुळवून, उच्चार करून पाहून मुलीसाठी एखादे नाव घडवतात, तेव्हा त्यात मला सर्वांत आधी हे दिसते की ही मुलगी त्यांना हवी आहे. अर्थ थोडा धूसर असला तरी चालेल. तिच्यासाठी खास काही करावेसे वाटणे, हीच गोष्ट आमच्याकडे फार उशिरा आली आहे.

सदाशिवराव
कृष्णाकाठ, आपण लिहिलेले मनाला लागले. नकुसा या नावाचा विचार मी केला नव्हता. माझा आक्षेप खोट्या अर्थांना आहे आणि तो कायम आहे, परंतु नव्या नावामागच्या मायेला माझा आक्षेप असण्याचे कारण नाही.

राईनकाठची
मी जर्मनीत राहते आणि माझ्या मुलीचे नाव अन्वी आहे, म्हणून या धाग्यावर लिहिल्यावाचून राहवले नाही.

आम्हाला हे नाव का आवडले, ते मी आवाजाच्या बाजूने सांगू शकते. यात महाप्राण व्यंजन नाही. घ, ढ, भ हे वर्ण येथील लोकांना जमत नाहीत, ट-ड आणि त-द या दोन जोड्यांमधील भेद त्यांच्या कानाला कळत नाही. 'राधा'चे 'रादा' होते आणि 'छाया'चे काय होईल ते सांगता येत नाही. परदेशात वाढणाऱ्या मराठी मुलीला दररोज स्वतःचे नाव दुरुस्त करून सांगावे लागू नये, ही आमची साधी अपेक्षा होती. अ, न, व, ई हे चारही ध्वनी किंवा त्यांच्या जवळचे ध्वनी जगातील पुष्कळ भाषांमध्ये आहेत. अलीकडे लोकप्रिय झालेली नावे पाहिली तर स्वरा, मायरा, कियारा, ईरा, विहा, रेवा अशी दिसतात. त्यांत य, र, व, न, म आणि लांब स्वर यांचीच वस्ती आहे, आणि मूर्धन्य (ट, ड, ण यांसारखे) व महाप्राण वर्ण जवळजवळ हद्दपार झालेले आहेत. हे मला आवडते, तरी थोडे दुःखही होते. मराठीचे 'ळ' आणि 'ण' हे वर्ण आपल्या मुलींच्या नावांतून नाहीसे होणार का, असे वाटत राहते. मृणाल, कल्याणी, प्रणोती, मृण्मयी ही नावे मला अजूनही फार सुंदर वाटतात.

एक व्यावहारिक गोष्ट मात्र येथे आल्यावरच कळली. जर्मनमध्ये 'व्ही' या रोमन अक्षराचा उच्चार पुष्कळ शब्दांत 'फ' असा होतो. त्यामुळे माझ्या मुलीला नव्या शिक्षिका पहिल्या दिवशी 'अन्फी' म्हणतात. एकदा सांगितले की लक्षात ठेवतात, पण रोमन लिपीत चार अक्षरांचे सोपे नाव म्हणजे सगळीकडे सोपे नाव, असे मात्र नसते.

तिला आम्ही काय सांगतो, तेही लिहिते. आम्ही सांगतो की हे नाव तुझ्या आई-बाबांना 'अन्वय' या शब्दावरून सुचले, कारण दोन देशांत, दोन भाषांत वाढताना तुला सगळ्यांचा एकमेकांशी संबंध लावता यावा. ती हे तिच्या मैत्रिणींना जर्मनमध्ये समजावून सांगते.

पाटीपेन्सिल
नवी नावे घडवणे ही आपल्याच काळातली लहर आहे असे समजू नये. रवींद्रनाथ ठाकुरांकडे लोक मुलांसाठी नावे मागायला जात. १९३३ साली जन्मलेल्या अमर्त्य सेन यांचे नाव त्यांनीच ठेवले, आणि १९३८ साली जन्मलेल्या लेखिका नवनीता देव सेन यांचेही. 'अमर्त्य' हा वेदातील शब्द, पण व्यक्तीचे नाव म्हणून तेव्हा तो ऐकिवात नव्हता. इंग्रजीत जोनाथन स्विफ्ट यांनी एस्थर व्हॅनहॉम्री या मैत्रिणीच्या आडनावाचा पहिला तुकडा आणि नावाचे लाडके रूप जोडून 'व्हॅनेसा' घडवले, आज ते नाव जगभर आहे. आपल्याकडे आता गाजत असलेले 'मायरा' घ्या. इंग्रजीत ते कवी फल्क ग्रेव्हिल यांनी आपल्या कवितांसाठी घडवले असे मानले जाते, आणि राजस्थानात मात्र 'मायरा' म्हणजे भाचीच्या किंवा भाच्याच्या लग्नात मामाने आणलेला आहेर. नाव ठेवणाऱ्या बहुतेकांच्या मनात यातले काहीच नसते. त्यांना तो ध्वनी आवडलेला असतो.

मराठीत नव्या नावांचे प्रकार वेगवेगळे आहेत आणि ते एकाच मापाने मोजू नयेत. 'ओवी' आणि 'सायली' हे शब्द जुने आहेत, नाव म्हणून त्यांचा वापर वाढला तो अलीकडे. 'किमया' हा शब्द अरबी-फारसीतून आला, मराठीत रुजला आणि मग मुलींचे नाव झाला. आई-वडिलांच्या नावांतील अक्षरे जोडून केलेली नावे हा आणखी एक प्रकार. तेथे अर्थ म्हणजे ते दोघे स्वतः, आणि मला त्यात खोटे काहीच वाटत नाही, जोपर्यंत त्या जोडून केलेल्या नावाला कोणी लक्ष्मीचे नाव म्हणत नाही. 'अन्वी' या सगळ्यांच्या मधोमध उभे आहे, अर्धे जुने आणि अर्धे नवे.

या विषयात मला सर्वांत महत्त्वाचे वाटते ते लग्नानंतरचे नाव. आपल्याकडे पुष्कळ घरांत सासरी आल्यावर ताटात तांदूळ पसरून त्यावर अंगठीने नवे नाव लिहिण्याची पद्धत होती. माहेरची यमुना सासरी लक्ष्मी होई आणि माहेरचे नाव फक्त आईच्या तोंडी उरे. ही पद्धत आता पुष्कळ ठिकाणी मागे पडली आहे. बारशाला मिळालेले नाव मुलगी आयुष्यभर वापरणार, त्याच नावाने पदवी घेणार, त्याच नावाने सही करणार, हे आई-वडिलांना ठाऊक आहे. ज्या नावाची मुदत लग्नापर्यंतच होती, त्यावर एवढा विचार करण्याचे कारण तेव्हाच्या घरांना कदाचित वाटले नसेल. आज वाटते. वेगळे, दुसऱ्या कोणाचे नसलेले नाव शोधण्याची ही धडपड मला तेथून आलेली दिसते.

पंचांगप्रेमी
एक बारीक मुद्दा. चरणाक्षराप्रमाणे, म्हणजे जन्मनक्षत्राच्या चरणाला नेमून दिलेल्या अक्षराप्रमाणे, नाव ठेवणाऱ्या घरांत कृत्तिकेच्या पहिल्या चरणाला 'अ' येतो, त्यामुळे 'अन्वी' सहज बसते. पण आर्द्रेच्या अक्षरांत 'ङ' आहे, हस्ताच्या अक्षरांत 'ण' आहे आणि उत्तराभाद्रपदेच्या अक्षरांत 'ञ'. या वर्णांनी सुरू होणारे नाव भाषेत मिळणार कोठून? तेव्हा लोक जवळचा दुसरा वर्ण घेतात. अक्षर ठरलेले आणि जुनी नावे नात्यात आधीच कोणी ना कोणी घेतलेली, अशा स्थितीतूनही पुष्कळ नवी नावे जन्माला येतात.

मृद्गंधा
सर्वांचे मनापासून आभार. कोशवाचक यांचे उत्तर मी भाऊ आणि वहिनीला वाचून दाखवले. 'अण्वी'चा वेदातील अर्थ ऐकून वहिनीला क्षणभर मोह झाला की नाव 'ण'नेच लिहावे. भावाने विचारले की आपण हाक कशी मारणार? दोघांनी काही वेळा हाक मारून पाहिली आणि दोघांच्याही तोंडी 'न'च आला. तेव्हा 'अन्वी'च ठेवायचे ठरले आहे.

अर्थ म्हणून आम्ही 'अन्विता'कडे जाणार आहोत, जोडलेली, सर्वांमध्ये असलेली. बारशाच्या पत्रिकेवर 'देवीचे नाव' असे छापायचे ठरले होते, ते काढून टाकले आहे. माझ्या आईला याचे थोडे वाईट वाटले, कारण देवीचे नाव घरात रोज घेतले जाईल, हा तिचा आनंद खरा होता. तिच्यासाठी पाळण्यातले दुसरे नाव 'अनघा' ठेवत आहोत. ते ललितासहस्रनामात आहे आणि त्याचा अर्थही विस्पष्ट आहे, त्यामुळे सदाशिवरावांनाही ते आवडावे.

एक शेवटचा प्रश्न. जन्मनोंदणीत नाव घालताना काय काळजी घ्यावी?

सदाशिवराव
'अनघा' फारच छान. बाळाला आणि आपल्या आईंना माझा नमस्कार आणि आशीर्वाद सांगा.

पाटीपेन्सिल
नोंदणीबद्दल सांगतो. जन्माची नोंद एकवीस दिवसांत करायची असते, पण त्या वेळी नाव घालणे सक्तीचे नसते. नाव बारा महिन्यांच्या आत विनाशुल्क घालता येते आणि त्यानंतर विलंब शुल्क भरून पंधरा वर्षांपर्यंत. एकदा घातलेले नाव बदलणे मात्र किचकट होते, म्हणून अर्ज भरताना देवनागरी आणि रोमन दोन्ही रूपे स्वतःच्या हाताने स्वच्छ लिहून द्यावीत. 'अन्वी'च्या बाबतीत चुका होण्याच्या जागा ठरलेल्या आहेत : 'वी' ऱ्हस्व लिहिली जाते किंवा आरंभीच्या 'अ'चा 'आ' होतो. रोमन लिपीतून परत देवनागरीत आणताना 'अन्वी', 'आन्वी' आणि 'अण्वी' ही तिन्ही रूपे सारखीच दिसतात आणि शाळेच्या दाखल्यावर भलतेच उमटते.

महाराष्ट्रात १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या शासकीय कागदपत्रांवर स्वतःच्या नावानंतर आधी आईचे नाव, मग वडिलांचे नाव आणि मग आडनाव, असा क्रम आहे. तेव्हा वहिनींचे नाव ज्या रूपात त्यांच्या स्वतःच्या कागदपत्रांवर आहे, नेमके त्याच रूपात ते बाळाच्या दाखल्यावर येत आहे ना, हे छापील प्रत हातात घेण्यापूर्वी तेथेच उभे राहून वाचून पाहा.